पेणचे दामले, रेवदंड्याचा वारा

परवाच्या शनिवारी पहाटे पाचला पुण्याहून निघालो. खोपोली, पेण, वडखळ, अलिबाग, रेवदंडा. नेहमीचाच वीकेंडचा रस्ता, पण या वेळी डिकीत पोहायचे कपडे नव्हते. एक साउंड रेकॉर्डर होता आणि आईची जुनी गोधडी.

त्याचं असं झालं. कॉलेजमधल्या माझ्या एका मित्राने नोकरी सोडून सिनेमा करायला घेतलाय. लेखक तोच, दिग्दर्शक तोच, कॅमेरा त्याचाच, रात्री लॅपटॉपवर एडिटिंगही तोच करतो. पीएफ काढून झालाय. घरच्यांकडून वर्षभराची मुदत मागून घेतली होती, त्यातले दोन महिने उरलेत. "तू फक्त आवाजाचं बघ रे, तेवढं एका वेळी जमत नाही," म्हणाला. मला आवाजातलं काय कळतं? पण हो म्हटलं.

पेणला चहाला थांबलो. पेण म्हणजे गणपतीच्या मूर्ती आणि पोह्याचे पापड, एवढंच आपल्याला माहीत. पण विष्णुपंत दामले याच पेणचे, जन्म १८९२ चा. 'प्रभात'चे दामलेमामा. हा माणूस मला भारी वाटतो. आधी नाटकाचे पडदे रंगवले. मग कोल्हापूरला बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शिरले. तिथे कॅमेरासुद्धा बाबूरावांनी स्वतः खटपट करून उभा केलेला! सिनेमाची शाळा वगैरे प्रकार तेव्हा नव्हताच. दामले सेट, कॅमेरा सगळं हाताने शिकले आणि १९२८ साली फत्तेलाल यांच्याबरोबर 'महारथी कर्ण' दिग्दर्शित केला. पुढे बोलपट आले. त्यात कुणालाच अनुभव नव्हता, तर यांनी ध्वनिमुद्रण शिकून घेतलं. १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'चं ध्वनिमुद्रण दामल्यांचं. म्हणजे चाळिशीला टेकलेल्या माणसाने अख्खा टेक्नॉलॉजी स्टॅक बदलला. आणि आम्ही नवीन फ्रेमवर्क आलं की कुरकुरतो!

मित्र याच दामल्यांचं नाव घेऊन सगळं एकट्याने करतोय. इथेच माझं त्याच्याशी वाजतं. दामल्यांना सगळं येत होतं हे खरं, पण ते एकटे कधीच नव्हते. १९२९ साली कोल्हापुरात 'प्रभात' काढली ती पाच जणांनी. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि पैसे घालणारे सीतारामपंत कुलकर्णी. १९३६ च्या 'संत तुकाराम'वरही दामले आणि फत्तेलाल अशी दोन नावं आहेत. तोच तो चित्रपट, पुढच्या वर्षी व्हेनिसला गौरवला गेलेला. आमचा पठ्ठ्या सगळं करतो ते हौसेने नाही, दुसऱ्याला द्यायला पैसे नाहीत म्हणून. यात फरक आहे की नाही?

असो. रेवदंड्याला पोचलो तर ओहोटी होती, पण वारा असा की बोललेलं स्वतःला ऐकू येईना. माईकला गोधडी गुंडाळली, मित्राच्या आत्याची छत्री आडवी धरली. सीन होता म्हातारा कोळी आणि त्याच्या मुलाचा. काम करणारे आजोबा गावातलेच, नाटकातबिटकात कधी गेलेले नाहीत. तिसऱ्या टेकला ते असे काही बोलले की कॅमेऱ्यामागे मित्र रडायला लागला. सूर्य बुडाला. कट.

आणि मी रेकॉर्डचं बटण दाबलंच नव्हतं.

मित्र काही बोलला नाही. शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं. ट्रायपॉड घडी करत एवढंच म्हणाला, "माझीच चूक. हेडफोन मी लावायला हवे होते." तेव्हा मात्र मी चिडलो. म्हटलं, "नाही, माझी चूक आहे. निदान ती तरी मला करू दे."

रात्री आत्याच्या ओटीवर बसून मी रेकॉर्डरचं मॅन्युअल पहिल्या पानापासून वाचलं. सोमवारची रजा टाकली. आजोबांना विचारलं, उद्या परत याल का? ते म्हणाले, येतो, पण भरती बघून वेळ ठरवा.