फर्द लिहिणारे

‘याद्या करणाऱ्या माणसाला मराठीत नेमकं काय म्हणतात, यावर लिहा. पण सोपं लिहा,’ असं संपादकांनी कळवलं. विषय माझ्या अगदी जिव्हाळ्याचा आहे. सोपेपणाची खात्री मात्र देता येणार नाही. मोडी कागद वाचणं आणि पुस्तकांच्या सूची करणं यातच माझं पुण्यातलं सगळं आयुष्य गेलं, आणि या कामातली प्रत्येक सोपी गोष्ट दोन वाक्यांनंतर अवघड होते.

आजचा रूढ शब्द सूचिकार. ग्रंथालयात, विद्यापीठात, पुस्तकाच्या ऋणनिर्देशात हाच चालतो. सूचि म्हणजे मुळात सुई. पाली ग्रंथांत ‘सूचिकार’ भेटतो तो सुया घडवणारा कारागीर म्हणून. संयुत्तनिकायात थुल्लतिस्सा नावाची भिक्षुणी बुद्धांचे शिष्य महाकस्सप यांच्यावर चिडते आणि म्हणते, आनंदासारख्या जाणत्या शिष्यासमोर यांनी धर्म सांगावा म्हणजे सुया विकणाऱ्यानं सूचिकारालाच सुई विकायला जावं! मराठीत सूचिकार म्हटलं की माझ्यासमोर एकच नाव येतं, शंकर गणेश दाते. १८०० ते १९३७ या काळात छापलेल्या मराठी पुस्तकांची ‘मराठी ग्रंथसूची’ त्यांनी केली आणि पुढच्या भागात ती १९५० पर्यंत आणली. एवढं मोठं काम मुख्यतः एका माणसाच्या चिकाटीवर उभं राहिलं. त्यांचा उल्लेख केला की निम्मे लोक ‘हो हो, शब्दकोशवाले दाते’ म्हणतात. ते यशवंत रामकृष्ण दाते. १९३२ पासून पुण्यात निघालेल्या महाराष्ट्र शब्दकोशाचे. ज्यानं दीडशे वर्षांच्या लेखकांना त्यांच्या जागी बसवलं, त्याचं स्वतःचं नाव दुसऱ्याच्या खात्यावर टाकलं जातं, याचं मला वाईट वाटतं.

सूची म्हणजे अनुक्रमणिका, हाही असाच एक पक्का गैरसमज. अनुक्रमणिका पुस्तकाच्या पुढे असते आणि लेखकानं काय सांगायचं ठरवलं ते दाखवते. सूची मागे असते. वाचक काय शोधत येईल, याचा अंदाज घेऊन ती करावी लागते. ग्रंथालयाची तालिका वेगळी, ग्रंथसूची वेगळी, शब्दसूची वेगळी. परीक्षणात ‘शेवटी सूची जोडली आहे’ एवढी ओळ मिळाली तरी आम्ही भाग्यवान. बहुतेकदा ‘उरलेली पानं म्हणजे नुसती जंत्री’ असं लिहून मोकळे होतात. आता तर ‘संगणक करतो ना ते’ असंही ऐकावं लागतं.

संगणक अक्षरं शोधतो. अठराव्या शतकातल्या एखाद्या पत्रसंग्रहात ‘नाना’ शोधा. बाळाजी बाजीराव पेशवेही नाना आणि त्यांच्या दरबारात वाढलेले बाळाजी जनार्दन भानूही नाना. हे दुसरे नाना कागदात कुठे ‘बाळाजी जनार्दन’ असतात, कुठे ‘राजश्री नाना’, कुठे केवळ हुद्द्यानं येतात. आता नोंद कशाखाली करायची? भानूखाली, बाळाजीखाली, नानाखाली की फडणवीसांखाली? आमच्याकडे यावर नियम आहे. जे नाव वाचक प्रथम उच्चारेल तिथे पृष्ठांक द्यायचे, बाकीच्या ठिकाणी ‘पाहा’ अशी वाट दाखवायची. म्हणजे ‘भानू, बाळाजी जनार्दन, पाहा: फडणवीस, नाना’. पण एकाच पृष्ठावर दोन नाना असले, तर कोणता नाना बोलतो आहे हे ठरवायला अख्खं पत्र वाचावं लागतं, कधी त्याच्या आधीचं आणि नंतरचंही. हे ठरवणं म्हणजेच सूचिकाराचं काम. वर्णानुक्रम लावणं ही त्यातली शेवटची, सर्वांत हलकी पायरी.

सूचिकार हा तसा ग्रंथालयातून आलेला शब्द. पेशव्यांच्या पुण्याला तो ठाऊक नव्हता; त्या पुण्याकडे आपले शब्द होते. ‘याद’ हा फारसी शब्द, अर्थ आठवण. ‘यादी’नं सुरू होणारा कागद म्हणजे ध्यानात ठेवायच्या कलमांचा कागद, खाली बितपशील, शेवटी बेरीज. जाबता म्हणजे ठरवून दिलेली, मोडायची नाही अशी यादी. झाडा म्हणजे हिशेबाचा तपशीलवार खुलासा, झडती म्हणजे त्याची तपासणी. आज दोन्ही मिळून ‘झाडाझडती’ एवढंच उरलं. यादीचा मान लग्नात तेवढा टिकून आहे. मानपान, देणंघेणं लिहून झालं की यादीवर कुंकू लावतात, आणि तेव्हाच सोयरीक पक्की होते.

ही कामं करणारी माणसं म्हणजे ‘नवीस’, फारसीत लिहिणारा. मराठीत त्याचा ‘नीस’ झाला. चिठ्ठ्या लिहिणारा चिटणीस, जमेचा हिशेब लिहिणारा जमेनीस, घडलेल्या गोष्टींची नोंद ठेवणारा वाकनीस, फारसी पत्रव्यवहार सांभाळणारा पारसनीस. किल्ल्यावर हवालदाराच्या बरोबरीनं सबनीस असे. हजेरी, गणती त्याच्याकडे. १६७४ च्या राज्याभिषेकात वाकनिसाचा मंत्री झाला, सुरनिसाचा सचिव, तरी घरोघरी ‘नीस’ टिकून राहिले. आणि या सगळ्यांत, अक्षरशः ‘यादी लिहिणारा’ असा अर्थ असलेला शब्द म्हणजे फडणीस. मूळ फर्दनवीस. फर्द म्हणजे सुटा कागद, आणि त्यावरची याद.

इथे मला गेल्या वर्षीचं एक प्रकरण सांगितलंच पाहिजे, कारण ते अजून मनातून जात नाही. हे आडनाव लावणाऱ्या एका घराण्याच्या कुलवृत्तांतासाठी मी जुने कागद वाचून देत होते. प्रस्तावनेत आडनावाचा अर्थ द्यायचा होता. मंडळींनी आधीच लिहून ठेवलं होतं: फड म्हणजे दरबार, फडणीस म्हणजे दरबार राखणारा. मी ते खोडून ‘फर्द लिहिणारा, यादीकार’ असं लिहिलं. बैठकीत त्यांच्यातले एक वडीलधारे गृहस्थ कळवळून म्हणाले, “ताई, म्हणजे आमचे पूर्वज नुसत्या याद्या करत होते?” त्यातला ‘नुसत्या’ मला फार लागला.

फडाची बाजू अगदीच लंगडी नाही, हे मान्य केलं पाहिजे. फड हा चांगला जुना मराठी शब्द आहे. कारभाराची बैठक, कचेरी. पेशव्यांच्या हुजूर दफ्तराचे दोन मोठे भाग होते, एकबेरीज दफ्तर आणि चाळते दफ्तर. चाळत्या दफ्तरात पुन्हा तीन शाखा: फड, बेहेडा आणि सरंजाम. यातला फड थेट फडणिसाच्या हाताखाली असे. सनदा, हुकूम तिथून सुटत. म्हणजे फडणीस फडावर बसतच होता. दुसरा आक्षेप याहून सूक्ष्म आहे. मर्द, दर्द, गर्दी, सर्दी या फारसी शब्दांतला ‘र्द’ मराठीनं जसाच्या तसा ठेवला, मग फर्दचाच फड का व्हावा? तिसरा आक्षेप कोटणीस या आडनावाचा. त्यात कोट दिसतो, आणि कोट म्हणजे जागा. कोटाचा नीस असतो, तर फडाचा का नसावा?

माझं उत्तर असं. ‘नीस’च्या आधी येतं ते, जे लिहिलं जातं किंवा ज्याची मोजदाद होते. कोटाचा लिहिणारा कोटातल्या शिबंदीचा, दाण्याचा, दारूगोळ्याचा हिशेब ठेवील. कारखाननीस कारखान्यातल्या वस्तूंचा. फडणीस फडातल्या वस्तूंचा हिशेब ठेवत नव्हता. साऱ्या राज्याच्या जमाखर्चाचे कागद त्याच्याकडे येत. मोल्सवर्थच्या कोशातही त्याचं वर्णन नोंदवह्या राखणारा असंच आहे. दुसरं, फर्द हा शब्द याच अर्थानं आजही जिवंत आहे, फक्त आपल्याकडे नाही. पंजाबात शेतकरी सातबाऱ्यासारखा जमिनीचा उतारा आणायला जातो, त्याला फर्द म्हणतात. तिकडे फर्द केंद्रं आहेत. उत्तर प्रदेशात पोलीस जप्त मालाची यादी करतात तीही फर्द. राहिला ‘र्द’चा ‘ड’. सुट्या शब्दात ‘र्द’ टिकतो. पण फर्दनवीस या लांब समासात र, द, न एकामागून एक आले, जीभ वळली, आणि शेजारीच ‘फड’ हा ओळखीचा शब्द बसलेला होता. कानानं त्याच्याकडे ओढून घेतलं. मूळ फर्दचं, रूप फडाचं.

आता एक गंमत पाहा, कोणीही घरी बसून पडताळू शकेल अशी. जमेनीस, पोतनीस, सबनीस, पारसनीस, वाकनीस यांत ‘न’ आहे. चिटणीस, फडणीस, कोटणीस यांत ‘ण’. जिथे आधी ट किंवा ड आला तिथेच न मूर्धन्य झाला. म्हणजे आधी फर्दचा फड झाला, आणि त्या ‘ड’नं पुढच्या ‘न’ला ‘ण’ केलं. शब्दाच्या पोटात बदलांचा क्रम असा शाबूत राहिलेला दिसला की मला आजही आनंद होतो. माझ्या क्षेत्रातल्या काही जाणत्यांना हे पटलेलं नाही. ते ‘फड’च धरून आहेत. त्यांच्याकडे फडाचा पुरावा आहे, तसा ‘फडावरचा नीस’ या अर्थी शब्द आधी वापरल्याचा कागद त्यांनी दाखवला, तर मी पुन्हा विचार करीन.

कुलवृत्तांताच्या बैठकीत मला खरं तर वेगळंच सांगायचं होतं. याद्या करण्यात कमीपणा काय होता? नाना फडणवीस चौदा वर्षांचे असताना, १७५६ साली, वडील वारले आणि घराण्याकडे चालत आलेली फडणिशी त्यांच्याकडे आली. पुढे १७७३ साली नारायणरावाचा खून झाल्यावर राज्य सावरलं ते या फडणिसानं, आणि १८०० मध्ये मरेपर्यंत राज्याच्या नाड्या बहुतेक काळ त्यांच्याच हाती राहिल्या. मुत्सद्देगिरी होतीच. पण कोणत्या सरदाराला कोणता सरंजाम, त्यावर किती स्वार ठेवायचे, प्रत्यक्ष गणतीत किती भरले, कोणत्या महालाचा बेहेडा, म्हणजे अंदाज, किती आणि वसूल किती, हे ज्याच्या दफ्तरात एका ठिकाणी सापडतं त्याच्याशी खोटं बोलता येत नाही. रोजकीर्दीत दररोजचा व्यवहार, तर्जुम्यात सालाचा गोषवारा, खतावणीत खातेवार खर्च. तलवार हाती न धरता सरदारांना धाकात ठेवता येत होतं ते या कागदांवर. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात हे दफ्तर मोडलं. कारकून कमी केले, लोकांना कागद घरी नेऊ दिले. १८१८ नंतर कंपनीच्या अधिकाऱ्यांनी तसं नोंदवून ठेवलं आहे. राज्य कशानं बुडालं याची कारणं इतिहासकार देतातच. सूचिकार म्हणून मी हे कारण खाली ठेवायला तयार नाही.

उरलेलं दफ्तर आज पुणे पुरालेखागारात आहे, कौन्सिल हॉलजवळच्या दगडी इमारतीत. हजारो रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे. गोविंद सखाराम सरदेसाई यांनी त्यातून निवडलेले कागद १९३० नंतरच्या चार-पाच वर्षांत ४५ भागांत छापले, आणि आपण पेशवाई म्हणून जे ओळखतो त्यातलं बरंचसं या निवडीतून आलं. निवड म्हटली की बाकीचं मागे राहिलं. रुमालांची विभागणी साहेबाच्या काळातली आहे: शाहू दफ्तर, रोजकीर्द, घडणी, पागा, प्रांत अजमास, आणि एक ‘जमाव’. कुठेच न बसणारे कागद जमावात. तिथे सुताराची मजुरी निघते, औषधाची कृती निघते, कोणा विधवेचा अर्ज निघतो. ज्यानं हे मथळे पाडले त्याला महसूल शोधायचा होता, इनामं पडताळायची होती. म्हणून महसूल आणि इनामं आज चटकन सापडतात. विधवा सापडत नाही. माझ्या धंद्याबद्दल मला शंका येते ती इथेच. आम्ही जे मथळे पाडतो, तेवढंच पुढच्या अभ्यासकाला दिसणार.

कुणबिणींचं पाहा. पेशवाईत विकल्या-घेतल्या जाणाऱ्या बायका. कागदात त्या येतात याद्यांमध्येच: नाव, वय, किंमत, कधी अंगावरचं लुगडं. गाव नाही, बापाचं नाव नाही. जुन्या सूचींत त्या बहुधा ‘सामाजिक, किरकोळ’ अशा मथळ्याखाली जात, किंवा जातच नसत. अलीकडे एका पत्रसंग्रहाची सूची करताना मी ‘कुणबिणी’ असा स्वतंत्र मथळा काढला आणि त्याखाली प्रत्येकीचं नाव वर्णानुक्रमे, पृष्ठांकासह दिलं. एकाच नावाच्या दोघी असल्या तर वय आणि वर्ष देऊन वेगळ्या केल्या, जशा दोन नानांना करते. प्रकाशकांचा फोन आला. पानं वाढतात, फॉर्म्याचं गणित बसत नाही, तेवढा मथळा एका ओळीत आणा, नुसते पृष्ठांक द्या, असं त्यांचं म्हणणं होतं. मी सरदारांच्या नोंदींतल्या पदव्या काढल्या, ‘राजश्री’ आणि ‘पंत’ गाळले, ‘पाहा’च्या वाटा निम्म्यानं कमी केल्या आणि दीड पान वाचवून दिलं. कुणबिणींचा मथळा पूर्ण छापला गेला आहे.