चांदबिबीच्या महालात चांदबिबी नाहीच!

बोईसरला परतून दोन दिवस झाले, तारापूर एमआयडीसीतली दिवसपाळी सुरू झाली, तरी डोक्यातून तो डोंगर जात नाही. मामेबहिणीच्या लग्नाला नगरला (आता अहिल्यानगर) गेलो होतो. हळदीच्या गडबडीतून दुपारी सटकलो आणि मामेभावाच्या मागे गाडीवर बसलो. तो म्हणाला, "चांदबिबी महाल? काय बघायचंय त्यात? वारं लई असतं."

वारं! अहो, वाऱ्यानेच तर पहिल्यांदा ढकललं मला. पाथर्डी रस्त्याने दहा-बारा किलोमीटर, मग शाह डोंगराची चढण, आणि माथ्यावर एकटीच उभी असलेली ती अष्टकोनी, तीन मजली दगडी इमारत. नुसत्या कमानी, कमानींवर कमानी, आणि प्रत्येकीत वेगळं आभाळ. उंची समुद्रसपाटीपासून तीन हजार फुटांवर! आमचा पालघरचा काळदुर्ग याच्या निम्मा. (खरं सांगायचं तर नगर शहरच दोन हजार फुटांवर आहे, पण ते घरी कोणाला सांगितलेलं नाही.)

आणि हा महालही नाही, चांदबिबीचाही नाही! ही कबर आहे. दुसऱ्या सलाबतखानाची, मुर्तजा निजामशहाच्या वजिराची. शाळेत निजामशाही म्हणजे एका ओळीचा प्रश्न होता. हे राज्य शिया होतं, हे मला चाळिशीत कळावं? 1537 च्या सुमाराला पहिल्या बुऱ्हाण निजामशहाने इराणहून आलेल्या शाह ताहीरच्या शिकवणीने तो पंथ घेतला आणि शहरात बंडाळी उसळली. त्या बुऱ्हाणच्या अस्थी पुढे थेट करबल्याला गेल्या. मोहरमात मामा ज्या बारा इमाम कोटल्यावर सवाऱ्या बघायला न्यायचे, तोही त्याच काळातला. लहानपणी तिथे मी फक्त गर्दी बघितली होती!

पण मला वेड लावलं ते सलाबतखानाने. मुर्तजाला लोक 'दिवाणा' म्हणत. तो वर्षानुवर्षं कोंडून घेऊन बसायचा, राज्याचा गाडा हाच ओढायचा. नगरच्या फरहबागेचा महालसुद्धा यानेच पुरा केला. इतिहासकार फिरिश्ता त्या दरबारात नोकरीला होता, त्याने लिहून ठेवलंय: एकदा राजा वैतागला, याला कैदेत टाकायचं म्हणाला. वजिराने विचारलं, कुठल्या किल्ल्यात? राजा म्हणाला, दंडाराजपुरी. हा घरी गेला, स्वतःच्या हाताने पायांत बेड्या घातल्या, पालखीत बसला आणि निघाला. सैन्य, खजिना सगळं हाताशी होतं, मित्र अडवत होते, तरी गेला! मला हे शहाणपण वाटत नाही. त्याच्यामागे राज्याची दैनाच झाली, आणि 1588 मध्ये मुर्तजाला त्याच्याच मुलाने मारलं. पण पालखीत बसलेला तो माणूस डोळ्यांपुढून हलत नाही.

दंडाराजपुरी म्हणजे मुरूडजवळचं, जंजिऱ्याच्या समोरचं गाव. आपल्याच किनाऱ्यावरचं! ज्या समुद्रावर तेव्हा पोर्तुगीज तारापूरला ठाण मांडून होते, तोच त्याला कैदेतून दिसत असणार. आणि शेवटी जागा मिळाली ती अशी, समुद्राचा मागमूस नसलेल्या माथ्यावर.

अरुंद, अंधाऱ्या जिन्याने वर गेलो. खाली अख्खं नगर मुठीएवढं. मामेभाऊ पायथ्याशी हॉर्न वाजवत होता, हळद लागायची वेळ झाली होती. मी आणखी एका कमानीतून बघून घेतलं, मग आणखी एका.

बायकोला सांगून टाकलंय: दिवाळीच्या सुट्टीत मुरूड. ती म्हणाली, बीचवर ना? मी हो म्हणालो.