अंजिराचा टोस्ट

टोस्ट म्हटलं की आपल्याला बेकरीतला, चहात बुडवायचा कडक टोस्ट आठवतो. हा त्याच्या नात्यातला नाही. हा तव्यावर तुपात भाजलेल्या पावाचा. वर चक्का, चक्क्यावर अंजीर. पाहुणे आले की जेवणाआधी पहिला मान याचा.

स्वभाव त्यानं अंजिराकडून घेतलाय. पुरंदरच्या अंजिराला 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालं. त्याचे बहार दोन, खट्टा आणि मीठा. मी वाट बघते ती उन्हाळ्यातल्या मीठ्या बहाराची. देठाशी मऊ, सालीला बारीक चीर, बुडाच्या डोळ्यावर रसाचा थेंब, असं फळ हाती आलं की ते त्याच दिवशी वापरायचं. अंजीर थांबत नाही. आज पाटीत टवटवीत असतं, उद्या आंबूस वास सुटतो.

पाव मात्र कालचाच हवा. ताज्या पावात ओल असते, तो लवकर कुरकुरीत होत नाही. लोखंडी तवा, मंद आच, दोन्ही बाजूंनी भाजायचं. सुरी फिरवली की खर्रर्र आवाज यायला हवा. मग दोन मिनिटं जाळीवर निववायचा. गरम पावावर चक्का घातला की तो पातळ होतो.

चक्क्याची घाई मी एकदा केली. दोनच तास टांगला आणि लावला. पाहुण्यांसमोर ताट ठेवेपर्यंत पाणी सुटून पाव लिबलिबीत झाला. सगळे टोस्ट परत आत नेले. तेव्हापासून दही रात्रभर टांगलेलं असतं. त्यात मीठ, भरडलेली मिरी आणि अगदी बारीक चिरलेली हिरवी मिरची. मीठ हात आखडून घालू नये, त्याच्यामुळेच अंजिराचा गोडवा उठून येतो.

अंजीर कापलं की आतला गुलाबी गाभा दिसतो. ती खरं तर आत वळलेली इवलीशी फुलं. दातांखाली बारीक कचकच होते ती त्यांच्या बियांची. या जाड चकत्यांवर मधाची एक बारीक धार सोडायची, बस.

पहिला घास गोड लागतो, मग चक्क्याचा आंबटपणा येतो आणि गिळताना मिरची घशाशी भेटते. आत्यानं पहिल्यांदा खाल्ला तेव्हा विचारलं, "हे पानात डावीकडे वाढायचं की उजवीकडे?" डावीकडे चटणी-कोशिंबीर, उजवीकडे भाजी, ही तिची पक्की घडी. मी म्हटलं, "आत्या, हा पानात बसत नाही. हातात घ्यायचा." तिनं दुसरा उचलला.

ताटात मांडून ठेवला की दहा मिनिटांत याचा कुरकुरीतपणा जातो. म्हणून मी मांडत नाही. स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून एकेकाच्या हातावर ठेवते आणि पुढच्या पावाला तूप सोडते.