कासा नाक्यावरचे पुष्पक

डहाणूहून जव्हारकडे निघालेली एस. टी. चारोटीला अहमदाबादचा हमरस्ता ओलांडते आणि थोड्याच वेळात कासा येते. मुंबईकराला हा मुलूख ठाऊक असतो तो विवळवेढ्याच्या महालक्ष्मीपुरता. चैत्रातल्या यात्रेत मध्यरात्री डोंगरावर झेंडा चढतो हे ऐकून तो हात जोडतो आणि गुजरातच्या वाटेला लागतो.

कासा पाहावे ते दिवाळी सरल्यावर. भाताची कापणी आटोपलेली असते आणि नाक्यावर वारली कुटुंबे गाठोडी घेऊन बसलेली असतात. गोधड्या, भांडी, एखादी कोंबडी, कडेवर तान्हे पोर. जायचे वसई-भिवंडीकडच्या वीटभट्ट्यांवर. पावसाळ्यात घेतलेली उचल फेडायची, म्हणजे पाऊस येईपर्यंत घर बंद.

त्या गाठोड्यांपाशी मला 'कार्गो' हा हिंदी चित्रपट आठवला. कार्गो म्हणजे जहाजावरचा माल. इथे माल म्हणजे मेलेली माणसे! 'पुष्पक' नावाच्या अंतराळयानात ती येतात, हातातल्या वस्तू ठेवून देतात, आठवणी पुसून घेतात आणि पुनर्जन्माला जातात. हे खाते सांभाळणारा कारकून चक्क राक्षस आहे, आणि स्वभावाने फार सज्जन!

नागपूरच्या आरती कदव यांनी हा चित्रपट लिहिला व दिग्दर्शित केला. मनात धरलेला आधीचा चित्रपट उभा राहीना, म्हणून त्या याकडे वळल्या. आपल्याकडे विज्ञानपटावर पैसा लावायला सहसा कोण धजतो? तेव्हा गोष्ट बहुतेक यानाच्या आतच घडवली, यंत्रेही जुनाट वळणाची. मला तीच गोड वाटली. २०१९ मध्ये मुंबईच्या 'मामि' महोत्सवात तो झळकला. पुढे अमेरिकेतला ऑस्टिनचा महोत्सव मार्च २०२० मध्ये करोनामुळे रद्द झाला, आणि सप्टेंबरात चित्रपट नेटफ्लिक्सवरून थेट घरोघर गेला. त्यात पृथ्वीवरून बोलणारे अधिकारी आहेत नंदू माधव, 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'तले दादासाहेब फाळके. १९१२ साली विम्याची पॉलिसी गहाण टाकून विलायत गाठणाऱ्या फाळक्यांना ही काटकसर खास पसंत पडली असती.

काटकसरीचे तर हे माहेरच. जवळच्या गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी तांदळाच्या पिठाने चितारलेली माणसे जगभर गेली. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

गाठोड्याला टेकलेल्या एका बाईंना मी विचारले, "पोरीचं दप्तर घेतलंत ना?"

"घरीच ठेवलंय," त्या म्हणाल्या. "तिथं काय करायचं त्याचं?"