पंचवीस माणसांची यादी

आमचं लग्न पंचवीस माणसांत झालं. हे मी बरेच दिवस अभिमानानं सांगत होते. यादी पंचविसावर आणताना मी कुणाचं नाव खोडलं, ते मात्र कुणाला सांगितलं नव्हतं.

जूनच्या पहिल्या आठवड्यात घरीच केलेल्या तपासणीत दोन रेघा उमटल्या. मी तेहतीस वर्षांची, तो पस्तिशीतला. चार वर्षं पुण्यात एकत्र राहत होतो. लग्न करायचं हे नक्की होतं, कधी ते नक्की होत नव्हतं. ते त्या रात्री झालं. बाळाचं इतक्यात कुणालाही सांगायचं नाही, हेही मी त्याच रात्री ठरवलं. तो म्हणाला, “निदान तुझ्या आईला तरी सांगू या.” मी नाही म्हटलं. पोट दिसायच्या आत लग्न व्हायला हवं, हे मी तोंडानं कधी बोलले नाही, पण पुढचे अडीच महिने माझं प्रत्येक पाऊल त्याच धास्तीनं पडत होतं. सगळ्यांना मी सांगत होते की मला छोटं, अर्थपूर्ण लग्न करायचंय. ते खोटं नव्हतं, पण छोट्या लग्नाच्या आडोशाला लपता येतं, हे मला तेव्हा जास्त महत्त्वाचं वाटत होतं.

नोंदणी पद्धतीनं लग्न म्हणजे कागद घेऊन जायचं आणि सह्या करून यायचं, अशी माझी समजूत होती. त्या समजुतीवर जूनअखेरची तारीख धरून एका छोट्या सभागृहाला पंधरा हजार आगाऊ दिले. मग कार्यालयात चौकशी केली. 1954 च्या विशेष विवाह कायद्यानुसार आधी नोटीस द्यावी लागते. दोघांपैकी एकाचं त्या जिल्ह्यात निदान तीस दिवस वास्तव्य असावं लागतं, आणि नोटीस लागल्यापासून तीस दिवसांत कुणाची हरकत आली नाही तरच पुढचं होतं. त्यात माझ्या शाळेच्या दाखल्यावरचं नाव आधार कार्डाशी जुळेना. प्रतिज्ञापत्र करून नोटीस स्वीकारली जाईपर्यंत मला दहावा आठवडा लागला होता. पंधरा हजार परत मिळाले नाहीत. चूक सर्वस्वी माझी होती. भाषांतराच्या कामात मी लोकांना रोज सांगते की आधी मूळ कागद वाचा. माझ्याच लग्नाचा कागद मी वाचला नव्हता.

पण त्या तीस दिवसांचं खरं मोल पैशात नव्हतं. नोटीस कार्यालयाच्या फलकावर लागते. त्यात दोघांची नावं, वय, व्यवसाय, सध्याचा पत्ता आणि कायमचा पत्ताही असतो. माझा कायमचा पत्ता वाई तालुक्यातल्या आमच्या गावाचा. आत्याच्या शेजारचा मुलगा पुण्यात नोकरी करतो. तोही आपल्या लग्नाची नोटीस द्यायला त्याच कार्यालयात आला होता. फलकावर त्यानं गावाचं नाव वाचलं, मग माझं.

माझं लग्न आत्याला असं कळलं.

आत्याबद्दल सांगायला हवं. बाबांची बदली झाली तेव्हा पाचवी आणि सहावी मी तिच्याकडे राहून केली. ती तीस वर्षांहून जास्त काळ अंगणवाडी सेविका आहे. गावातली कुणाची सून गरोदर आहे, कुणाची कितवी तपासणी झाली, कुणी गोळ्या उशीखाली लपवून ठेवल्या, हे तिला तोंडपाठ. शाळेतून आल्यावर मी तिच्याबरोबर घरोघर फिरायचे. तिचं एक वाक्य ठरलेलं असायचं: “गोळी चहासंगं नाही घ्यायची, पोरी. लिंबू पिळून पाणी घे.” हे मी दहाव्या वर्षी ऐकलंय, शंभरदा तरी.

आणि यादी पंचविसावर आणताना मी तिचंच नाव खोडलं. आत्याला बोलावलं तर काकांनाही बोलवावं लागेल, काका आले तर चुलत भावंडं, असा हिशेब मी त्याला आणि आईला मांडून दाखवला. हिशेब बरोबरच होता. पण खरी भीती वेगळी होती. आत्या माझ्याकडे एकदा बघेल, मी पाण्याचा पेला कसा धरते, पायरी कशी चढते तेवढं बघेल, आणि तिला कळेल. ज्या बाईनं शेकडो बाळंतपणं जवळून पाहिली, तिच्याशी बोललं की आपलं ओझं हलकं होईल, हे मला सुचायला हवं होतं. सुचलं ते एवढंच की तिच्यासमोर जायचं नाही.

फलकाची गोष्ट घडल्यावर सहाव्या दिवशी तिचा फोन आला. लग्नाचा विषय तिनं काढला नाही. “जेवतेस का नीट?” एवढंच विचारलं. मी “हो” म्हटलं. त्या आठवड्यात माझ्या पोटात दहीभाताशिवाय काही टिकत नव्हतं. मग मी घाईघाईनं तिला फोनवरून पत्रिका पाठवली, खाली लिहिलं, “नक्की ये.” तिचं उत्तर आलं: त्या दिवशी अंगणवाडीत मुलांची वजनं घ्यायची आहेत.

तारीख शेवटी ऑगस्टच्या मध्यावर गेली. माझा सोळावा आठवडा. आठव्या आठवड्यात माप देऊन शिवलेला ब्लाउज छातीशी बसेना. शिंपीणबाईंना कारण सांगितलं असतं तर त्यांनी आत कापड सोडलं असतं. तेही मी सांगितलं नव्हतं. आदल्या रात्री आईनं उसवून पट्टी जोडली. जोडताना तिनं मान वर केली नाही, आणि मला वाटतं, तिला तेव्हाच कळलं.

तो श्रावणातला शुक्रवार होता. कामाच्या दिवशी कार्यालय उघडं म्हणून निवडलेला. आमच्याकडे श्रावणी शुक्रवारी जिवतीची पूजा असते. पुरणाचे दिवे करून आई लेकरांना ओवाळते, आणि जी परगावी असतील त्यांच्यासाठी चारी दिशांना अक्षता टाकते. आईनं महिनाभर आधी विचारलं होतं, “कार्यक्रमात पाच मिनिटं दे, मी तुम्हाला दोघांना ओवाळते.” मी नाही म्हटलं होतं. सत्यशोधक पद्धतीनं लग्न लावायचं ठरवलं होतं आणि त्यात मला कुठलीच सरमिसळ नको होती.

त्या पद्धतीवर माझं मनापासून प्रेम आहे, म्हणूनच ही चूक मला जास्त बोचते. 1873 च्या सप्टेंबरात जोतीराव फुल्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला, आणि त्याच वर्षी डिसेंबरात भटजीशिवाय, कमी खर्चात पहिलं लग्न लावलं. त्यांच्या मंगलाष्टकांत वधू-वर एकमेकांशी बोलतात. ती बायकांच्या हक्कांबद्दल विचारते, तो शब्द देतो. साध्या माणसांना कळावं, परवडावं म्हणून केलेली ती रीत. मी तिला बारा पानांचा कार्यक्रम जोडला. वाचनं, मनोगतं, प्रत्येकाला नेमून दिलेली वेळ. तो म्हणाला होता, “अर्ध्यावर आण.” मी त्याला तक्ता दाखवून गप्प केलं. त्या दोन महिन्यांत त्यानं सुचवलेलं जवळजवळ काहीच मी ऐकलं नाही, हेही इथे लिहायला हवं.

सकाळी सहाला चहा आणि दोन बिस्किटं. चहाबरोबरच लोहाची गोळी, रोजच्यासारखी. साडेदहाला विवाह अधिकाऱ्यांसमोर तीन साक्षीदार. एकमेकांना पती-पत्नी म्हणून स्वीकारत असल्याचे शब्द दोघांनाही समजणाऱ्या भाषेत म्हणावे लागतात, असं कायदाच सांगतो. आम्ही ते मराठीत म्हटले. त्याचा आवाज कापला. दिवसभरात मला जे हवं होतं ते त्या मिनिटात होतं, आणि मी घड्याळ बघत होते, कारण साडेबाराला कार्यक्रम सुरू करायचा होता.

दीडच्या सुमाराला, सातव्या पानावर, मी उभ्या उभ्या कोसळले. त्यानं धरलं म्हणून डोकं आपटलं नाही. पंचवीस माणसं उठून धावली, आणि आई सगळ्यांसमोर ओरडली, “चार महिन्यांची आहे ती, बाजूला व्हा, वारा येऊ द्या!” जे लपवण्यासाठी मी सगळ्यांना दूर ठेवलं होतं ते असं बाहेर पडलं. कुणी नाक मुरडलं नाही. सासूबाई नांदेडहून आल्या होत्या. त्यांनी माझे पाय मांडीवर घेतले आणि तळवे चोळत राहिल्या. उरलेली पाच पानं कुणी वाचली नाहीत.

दुसऱ्या दिवशी रक्त तपासलं. हिमोग्लोबिन 9.4. गरोदरपणात 11 च्या खाली गेलं की तो रक्तक्षय धरतात. डॉक्टरांनी विचारलं, गोळी कशाबरोबर घेता? चहाबरोबर, म्हणाले. त्यांनी चहानं लोह अंगी कसं लागत नाही ते समजावलं. मी मान डोलवत होते आणि कानात आत्याचा आवाज येत होता. बाळ ठीक होतं. मी मात्र घरी येऊन रडले.

पुढच्या शुक्रवारी आम्ही दोघं गावी गेलो. न कळवता. आत्या अंगणवाडी बंद करायच्या बेतात होती. मी काय काय बोलायचं ते गाडीत ठरवलं होतं. “आत्या, माझं चुकलं” एवढंच बाहेर आलं. तिनं ते ऐकलं, उत्तर दिलं नाही. त्याला बसायला खुर्ची दिली, पाणी दिलं. मग माझ्याकडे पाठ करून कपाट आवरता आवरता म्हणाली, “मागल्या शुक्रवारी उत्तरेला दोन मुठी टाकल्या होत्या.”

वाईहून पुणं उत्तरेला.

मी काहीतरी बोलणार होते. तिनं भिंतीशी उभा केलेला वजनकाटा पायानं पुढे ओढला. “चप्पल काढून उभी राहा. हलू नको.” काटा एक्कावन्नावर थांबला. तिनं चष्मा वर करून पुन्हा वाकून पाहिलं, भिंतीवरच्या कालनिर्णयात आजच्या चौकोनात पेन्सिलीनं 51 लिहिलं, पान उलटलं आणि सप्टेंबरातल्या एका तारखेभोवती गोल केला.

“ह्या दिवशी परत ये,” ती म्हणाली. “आणि येताना आईला घेऊन ये.”