आडात नाही ते फ्लॅकमध्ये कुठून?

रॉकच्या अल्बमची फ्लॅक फाइल आली की मी आधी बिटरेट बघतो, ऐकतो नंतर. सीडीला सेकंदाला १४११ किलोबिट लागतात. फ्लॅक मागच्या नमुन्यांवरून पुढचा नमुना ताडतं आणि अंदाज जितका चुकला तेवढंच लिहून ठेवतं. फाइल आटते, हरवत काहीच नाही. पण आवाज चेपून छताला भिडवलेला असला की अंदाज चुकत राहतात, फाइल फारशी आटत नाही. आकडा हजाराच्या पुढे दिसला की मास्टरिंगचा धंदा करणाऱ्या माझ्यासारख्याला संशय येतोच.

एसी/डीसीचा 'बॅक इन ब्लॅक' १९८०चा. ध्वनिमुद्रण बहामातल्या कंपास पॉइंट स्टुडिओत, निर्माता मट लँग, इंजिनिअर टोनी प्लॅट. 'हेल्स बेल्स'मधली घंटा मात्र इंग्लंडात, लफबरोच्या जॉन टेलर यांच्या ओतशाळेत टिपलेली. हेडफोनवर ऐका: टोल पडतो आणि त्याची आस लांबत, विरत जाते. कमी बिटरेटच्या एमपी३त नेमकी ही आसच गढूळ होते. शीर्षकगीतात तर रिफच्या दोन तडाख्यांमधली जागा मोकळी सोडलीय. तडाखा बसतो तो त्या जागेमुळे. असा अल्बम फ्लॅकमध्ये ठेवण्यात अर्थ आहे.

मेटालिकाचा 'डेथ मॅग्नेटिक' (२००८) आठवा. सीडीवर ड्रमचे ठोके कापले गेलेत, लाटांचे शेंडे सपाट. तीच गाणी 'गिटार हिरो' या व्हिडिओ गेममध्ये मोकळी वाजली, तेव्हा चाहते खवळले. मिक्सच आधीपासून चेपलेले आले होते, असं मास्टरिंग करणाऱ्या टेड जेन्सनचं म्हणणं. आमच्या धंद्यात हे नवं नाही. त्या सीडीची फ्लॅक केली तर ती कापाकापीच जशीच्या तशी जपली जाते. आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

तरी बँडवाली पोरं येतात आणि म्हणतात, "सर, त्यांच्यापेक्षा आपलं बारीक वाटतंय." बऱ्याच स्ट्रीमिंग सेवा सगळ्यांची पातळी सारखी करूनच वाजवतात, मोठं गाणं तिथे खाली ओढलं जातं, हे पटवता पटवता चहा गार होतो.

२४ बिट, ९६ किलोहर्ट्झचं लेबल बघून जास्त पैसे मोजण्याआधी मास्टरिंग कधीचं आणि कोणाचं, एवढं विचारून घ्या. तेच चेपलेलं मास्टर असेल, तर घरातली जुनी सीडीच वाजवा.