दुसऱ्या दशांशातलं हेलियम

विजयदुर्ग पाहून आलो तेव्हापासून एक पिवळी रेघ डोक्यात बसली होती. किल्ल्यावर ‘साहेबाचे ओटे’ दाखवतात, १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणाची आठवण म्हणून. त्या ग्रहणात सूर्याच्या कडेच्या ज्वाळांचा उजेड वर्णपटदर्शकातून पाहताना एक पिवळी रेघ दिसली. फ्रान्सचे खगोलशास्त्रज्ञ जान्सेन तेव्हा गुंटूरहून ग्रहण पाहत होते. इंग्लंडच्या लॉकयर यांनी ऑक्टोबरात, ग्रहण नसतानाही, तीच रेघ आपल्या देशातून पाहिली. पुढे त्या रेघेमागच्या मूलद्रव्याला हेलियम हे नाव मिळालं. गावी, फुलसावंगीला परतल्यावर मी बारावीतल्या मुलीला विचारलं, ‘‘रेघेवरून पदार्थ कसा ओळखतात?’’ तिने वही पुढे सरकवली. ‘‘बाबा, तुम्हीच काढून बघा.’’ दहावीनंतर विज्ञान सुटलेला मी, पहिल्या ओळीलाच अडलो.

अणूतला इलेक्ट्रॉन ठरावीक पायऱ्यांवरच राहतो, ती म्हणाली. त्या ऊर्जापातळ्या. वरच्या पायरीवरून खालच्या पायरीवर आला की उजेड बाहेर पडतो. पिवळ्या रेघेसाठी वरची पायरी २३.०७ आणि खालची २०.९६ इलेक्ट्रॉन-व्होल्ट. रेघेच्या तरंगलांबीचं सूत्र सोपं दिसलं: प्लँकचा स्थिरांक गुणिले प्रकाशाचा वेग, भागिले ऊर्जा. मी २३.०७ ने भागलं. तरंगलांबी आली ती दशांशचिन्हानंतर सव्वीस शून्यं असलेली, मीटरमध्ये. अणूच्या गाभ्यापेक्षाही कितीतरी लहान!

‘‘बाबा, स्थिरांक जूलमधला आणि ऊर्जा इलेक्ट्रॉन-व्होल्टमधली. मणाचा भाव क्विंटलला लावला तुम्ही.’’ तिने सोय करून दिली: १२४० ला इलेक्ट्रॉन-व्होल्टने भागायचं, उत्तर थेट नॅनोमीटरमध्ये येतं. एक नॅनोमीटर म्हणजे मिलिमीटरचा दहा लाखावा भाग. पुन्हा भागलं. ५४ आले. डोळ्याला दिसणारा उजेड साधारण ४०० ते ७०० मध्ये असतो. माझा पिवळा रंग पार अतिनीलमध्ये गेला होता.

चूक कुठे आहे ते तिने सांगितलं नाही, नुसतं विचारलं, ‘‘जिनिंगला कापसाची गाडी कशी मोजता?’’ भरलेली गाडी काट्यावर, मग रिकामी गाडी काट्यावर. वजाबाकी म्हणजे माल. पैसे मालाचे मिळतात, गाडीचे नाही. इतकी वर्षं काट्यावर उभा राहिलो आणि वहीत मात्र गाडीसकट मोजलं! उजेड हा दोन पायऱ्यांमधला फरक आहे, हे मला तेव्हा खरोखर कळलं.

२३.०७ वजा २०.९६, फरक २.११. हिशेब सोपा व्हावा म्हणून मी २.१ धरलं. उत्तर ५९०. पिवळंच! मी आनंदाने वही तिच्यापुढे धरली. तिने सोडियमचं पान उघडलं. त्याच्या दोन पिवळ्या रेघा ५८९.० आणि ५८९.६ वर आहेत. शतांश गाळला आणि मी हेलियम ओलांडून सोडियमच्याही पुढे निघून गेलो होतो.

पूर्ण २.११ ठेवून भागलं तेव्हा ५८७.७ आले. पुस्तकात ५८७.६ आहे, उरलेला दशांशही १२३९.८४ चे १२४० केल्यामुळे आलेला. सोडियमच्या रेघांपासून जेमतेम दीड नॅनोमीटरचं अंतर. तेवढ्यावरून पृथ्वीवर कुणी न पाहिलेल्या मूलद्रव्याची चाहूल लागली; रसायनशास्त्रज्ञ रॅम्झी यांना ते पृथ्वीवरच्याच खनिजात सापडलं १८९५ साली, सत्तावीस वर्षांनी. काट्यावर शेवटच्या आकड्यासाठी भांडणारे आम्ही. त्या लोकांची नजर मला आमच्यासारखीच वाटली.

रात्री स्वयंपाकघरातला दिवा मालवून तिने गॅसच्या ज्योतीत चिमूटभर मीठ टाकलं. ज्योत पिवळीजर्द झाली. मी जुनी सीडी तिरकी धरली, तिच्यात पिवळी ज्योत वेगळी उमटली. मिठातलं सोडियम. ‘‘आणि हेलियमची रेघ कुठे आली असती?’’ तिने विचारलं. मी बोट त्या ज्योतीच्या किंचित हिरव्या अंगाला नेलं, आणि ती काही बोलली नाही म्हणजे बरोबर असावं.